लोथलोरिएनचा चांद्रमास

कादंबरीतील काळाचा हिशेब पात्रांच्या तोंडी सोपवू नये, असे आमचे मत आहे. मात्र सॅम गॅमजी या माळ्याचा अपवाद आम्ही आनंदाने करतो. जे. आर. आर. टॉल्किन यांच्या 'द फेलोशिप ऑफ द रिंग' (१९५४) या खंडात लोथलोरिएनच्या सुवर्णवनातून बाहेर पडल्यावर नावेत बसलेला सॅम आकाशाकडे पाहतो आणि गोंधळतो. वनाच्या सीमेवर झाडावरील मचाणात रात्र काढली तेव्हा चंद्र पौर्णिमेनंतर आठवडाभर उतरलेला होता. आपल्या पंचांगाच्या भाषेत वद्य अष्टमीच्या आसपासचा. नदीच्या प्रवासाला आठवडा झाला आणि पश्चिमेस नखाएवढी नवी कोर उगवली. म्हणजे वनातील मुक्काम हिशेबातून संपूर्ण गळाला! सॅमला तेथील तीन रात्री तर लख्ख आठवतात, आणखी काही अंधूक आठवतात. मग ते दिवस गेले कुठे?

उत्तर ॲरॅगॉर्न देतो: मुक्काम पुरा एका चांद्रमासाचा होता, म्हणून कोर पुन्हा जागेवर आली. परिशिष्टातील कालपटही तेच सांगतो. आगमन १७ जानेवारीस, प्रस्थान १६ फेब्रुवारीस. घड्याळाच्या दृष्टीने अद्भुत असे काही घडलेच नाही. काळ वेगळा वाहिला तो वनात राहिलेल्यांच्या मनात.

इतका सरळ निर्णय लेखकाला सहज सुचलेला नाही. ख्रिस्तोफर टॉल्किन यांनी १९८९ साली 'द ट्रीझन ऑफ आयसेनगार्ड' या ग्रंथात वडिलांचे कच्चे खर्डे प्रसिद्ध केले, त्यांतून ही ओढाताण दिसते. आधीच्या कल्पनेत वनातील मुक्कामाला बाहेरच्या जगात वेळच लागत नाही. ही जुन्या परीकथांची वाट होती, पण ती उलट्या दिशेने चाललेली. परीकथेत आत तीन दिवस जातात आणि बाहेर शतके उलटतात. येथे आत दिवस जायचे आणि बाहेर जग थबकलेले असायचे. परंतु तसे केले तर युद्धाच्या कथेचे काय? शत्रूच्या फौजा चालत असताना वीरांनी फुकटचा विसावा मिळवला, असा त्याचा अर्थ झाला असता. दुसऱ्या आवृत्तीच्या प्रस्तावनेत टॉल्किन सांगतात की, मोरियातील बालिनच्या थडग्यापाशी लेखन जवळजवळ वर्षभर थांबले होते आणि लोथलोरिएनपर्यंत ते १९४१च्या अखेरीस पोचले. त्या वर्षी इंग्लंडात विसाव्याची किंमत मोजल्याशिवाय विसावा मिळत नव्हता. पहिल्या महायुद्धात ज्याने १९१८पर्यंत एक सोडून सर्व जिवलग मित्र गमावले, त्या लेखकाने महिना हिशेबात धरला याचे आम्हांस नवल वाटत नाही. (महायुद्धाचे रूपक म्हणून ही कथा वाचण्याला त्यांचा स्वतःचा विरोध होता, हेही येथे नोंदवले पाहिजे, आम्ही रूपकाविषयी बोलत नाही.)

जुनी वाट कोणती, ते पाहू. बाराव्या शतकात वॉल्टर मॅप याने लॅटिनमध्ये हेर्ला राजाची गोष्ट लिहून ठेवली आहे. ब्रिटनांचा हा राजा एका खुजा राजाच्या लग्नाला गुहेत जातो, तीन दिवस राहतो आणि परततो. वाटेत एका म्हाताऱ्या धनगराला तो आपल्या राणीची खबर विचारतो. धनगर गांगरतो, कारण त्याला राजाची भाषा जेमतेम कळते: तो सॅक्सन आणि राजा ब्रिटन, सॅक्सनांनी हे राज्य घेतल्यालाच दोनशे वर्षे झालेली. घोड्यावरून उतरलेल्या स्वारांची माती होते. आपल्याकडे भागवतात ककुद्मी राजा कन्या रेवतीसाठी वर विचारायला ब्रह्मलोकी जातो, गायन संपेपर्यंत थांबतो, आणि तेवढ्यात सत्तावीस चतुर्युगे उलटतात. त्याने मनात योजलेले वर तर राहोच, त्यांच्या नातवंडांची नावेही ऐकू येत नाहीत. दोन्ही कथांत काळ गेल्याची खूण चंद्र नव्हे, शब्द आहे. एकीकडे न कळणारी बोली, दुसरीकडे विसरलेली नावे.

टॉल्किन हे पेशाने भाषाशास्त्रज्ञ. लोथलोरिएनचे खरे घड्याळ त्यांनीही नावातच ठेवले, असे आम्ही समजतो. पुढच्या खंडात ट्रीबिअर्ड हा वृक्षपालक वनाचे जुने नाव उच्चारतो: लॉरेलिन्दोरेनान, गाणाऱ्या सोन्याच्या दरीची भूमी. आता ती केवळ लोथलोरिएन, स्वप्नफूल, उरली आहे. नाव आखडले, आणि वन वाढत नसून ओसरत असावे अशी शंका तो बोलून दाखवतो. म्हणजे गॅलाड्रिएलची अंगठी ऱ्हासाला थोपवून धरत असतानाही ऱ्हास शब्दांच्या वाटेने आत शिरलेला होता. टॉल्किन यांनी १९५४ सालच्या एका पत्रात एल्फांच्या या अट्टहासाला मृतदेहाला मसाले भरून टिकवण्याची उपमा दिली आहे. त्या वनावर लेखकाचे प्रेम होते, हे विसरून ही उपमा वाचू नये. तरीही ती कठोर आहे.

वर्गात हे प्रकरण शिकवताना रम्य वर्णनावरच थांबण्याचा मोह होतो. आम्हांसही झालेला आहे. पण त्याच प्रकरणात केरिन आम्रोथच्या टेकडीवरून ॲरॅगॉर्न उतरतो तेव्हा, तो जिवंतपणी तेथे पुन्हा कधीच आला नाही, असे निवेदक मध्येच सांगून टाकतो. आनंदाच्या ऐन क्षणी भविष्यकाळ आत येतो.

ज्या झाडांची सोनेरी पाने शिशिरातही गळत नसत, वसंत आल्यावरच गळत, त्यांचा शेवट परिशिष्टात आहे. अंगठीची शक्ती संपली, गॅलाड्रिएल समुद्रापार गेली, केलेबॉर्नही उरला नाही. पतीच्या मृत्यूनंतर आर्वेन एकटी त्या निःशब्द वनात येते आणि हिवाळा येईपर्यंत राहते. पाने गळू लागतात, वसंत मात्र अजून आलेला नसतो. आणि ती केरिन आम्रोथवर देह ठेवते.