लिंकनने न लिहिलेले पत्र आणि कृष्णाकाठी पोहोचलेले त्याचे युद्ध

सातारा-सांगलीकडच्या शाळांत शिकलेल्या आपल्यापैकी अनेकांनी एक पत्र भिंतीवर रंगवलेले पाहिले असेल. अब्राहम लिंकनने आपल्या मुलाच्या मुख्याध्यापकांना लिहिलेले म्हणून ते प्रसिद्ध आहे. कवी वसंत बापटांनी त्याला मराठी रूप दिले आणि ते आपल्या भाषेत इतके रुजले की मूळ इंग्रजी आहे हेही विसरायला होते. आठवीत असताना पाठांतर स्पर्धेत मी ते म्हटले होते व दुसरा क्रमांक मिळवला होता. पुढे एम.ए.च्या वर्गात साधनचिकित्सा शिकताना सहज म्हणून त्याचा मूळ स्रोत शोधू लागलो, आणि तो सापडेना. आजचा थ्रेड त्या शोधाचा आहे. थोडा लांब आहे, सावकाश वाचा.

लिंकनचे समग्र लेखन रॉय बास्लर यांच्या संपादनाखाली १९५३ साली आठ खंडांत प्रसिद्ध झाले. भाषणे, युद्धकाळातील तारा, राजकीय पत्रे यांच्या जोडीला अशिलांकडे फी मागणाऱ्या चिठ्ठ्याही त्यात जपलेल्या आहेत. हे पत्र मात्र त्यात नाही. पत्रावर तारीख नाही. मुख्याध्यापकांचे, शाळेचे, इतकेच काय, मुलाचेही नाव नाही. इंग्रजीत त्याचे निरनिराळे पाठ फिरतात आणि कोणत्याही पाठाचे हस्तलिखित कोणी दाखवलेले नाही. ज्या माणसाच्या हातचा कागदाचा कपटाही जपून ठेवला गेला, त्याच्या एवढ्या सुंदर पत्राचा मागमूस नसावा, याचा अर्थ उघड आहे. यात बापटांना बोल लावण्याचे कारण नाही. एका सुरेख मजकुराला त्यांनी सुरेख मराठी दिले. त्याखालची सही तपासणे हे आपल्यासारख्या इतिहासाच्या विद्यार्थ्यांचे काम होते.

आता खरा लिंकन पाहू. जन्म १२ फेब्रुवारी १८०९, केंटकीतील एका लाकडी खोपट्यात. नवव्या वर्षी आई गेली. पुढच्या वर्षी घरी आलेल्या सावत्र आईने, सारा बुश हिने, त्याच्या वाचनाला पाठबळ दिले. वडील शेतकरी व सुतार. मुलाच्या हाती कुऱ्हाड हवी, पुस्तक कशाला, अशा विचाराचे. स्वतःच्या शिक्षणाविषयी लिंकनने १८६० साली लिहून ठेवले आहे, त्यानुसार त्याच्या साऱ्या शाळेचे दिवस एकत्र केले तरी वर्ष भरत नाही. म्हणजे मुख्याध्यापकांना उपदेश करणारा म्हणून आपण ज्याला ओळखतो, त्याच्या वाट्याला धड शाळाच आली नव्हती.

कारकीर्दही सरळ चढणीची नाही. १८३२ साली इलिनॉय विधिमंडळाच्या निवडणुकीत तो पडला, १८३४ साली निवडून आला. घरी वाचून कायदा शिकला व १८३६ साली वकिलीची सनद मिळवली. १८४७ ते १८४९ काँग्रेसमध्ये एकच कार्यकाल. मग सिनेटसाठी दोनदा पराभव, १८५५ व १८५८ साली. आणि १८६० साली थेट राष्ट्राध्यक्षपद! आपल्याकडे त्याच्या पराभवांची जी लांबलचक यादी फिरते, तीही अर्धवट आहे. सलग चार वेळा विधिमंडळावर निवडून आल्याची आणि इलिनॉयमधील नामवंत वकिलांत गणला गेल्याची नोंद त्या यादीत सहसा नसते.

मुलांच्या शिक्षणाचे काय? चार मुलगे. एडी लहानपणीच वारला. विली १८६२ साली व्हाइट हाउसमध्येच तापाने गेला. धाकट्या टॅडचे उच्चार अडखळत. शिकवण्यासाठी मास्तर घरी येत, पण हा बारा वर्षांचा मुलगा वडिलांच्या मृत्यूपर्यंत नीट वाचायलाही शिकला नव्हता आणि वडिलांनी त्याच्यावर सक्ती केली नाही. थोरला रॉबर्ट १८५९ साली हार्वर्डच्या प्रवेशपरीक्षेला बसला आणि सोळापैकी पंधरा विषयांत नापास झाला. त्याला एक्झेटरच्या शाळेत तयारीसाठी धाडले; पुढच्या वर्षी त्याला प्रवेश मिळाला, पण जॉर्ज लॅथम हा त्याचा मित्र राहिला.

या लॅथमला लिंकनने २२ जुलै १८६० रोजी पत्र लिहिले. ते अस्सल आहे आणि समग्र लेखनात छापलेले आहे. राष्ट्राध्यक्षपदाची उमेदवारी नुकतीच मिळालेली, देश फुटण्याच्या उंबरठ्यावर, आणि हा माणूस एका नापास पोराला वेळ काढून धीर देतो आहे. तू आतून ठाम राहिलास तर हे अपयश टिकणार नाही, असा त्या छोट्या पत्राचा आशय आहे. भिंतीवर लिंकन हवाच असेल, तर माझे मत या पत्राला.

मग आपल्या मुलखाचा आणि लिंकनचा संबंध त्या बिनसहीच्या पत्रापुरताच का? मुळीच नाही. खरा संबंध कापसाचा आहे.

एप्रिल १८६१ मध्ये यादवी युद्ध पेटले आणि लिंकनने १९ एप्रिलला दक्षिणेच्या बंदरांची नाकेबंदी जाहीर केली. लँकेशायरच्या गिरण्या दक्षिणेच्या कापसावर चालत. तो आटताच ब्रिटनची नजर हिंदुस्थानाकडे वळली आणि मुंबईत भाव भडकले. सातारचे राज्य १८४८ साली खालसा होऊन ब्रिटिश जिल्हा झाले होते, तर सांगली पटवर्धनांचे संस्थान होते. पण भावाला हद्द ठाऊक नसते. वऱ्हाड-खानदेशाइतका कापूस इथे नव्हता, तरी मुंबईची मागणी घाटावर पोहोचली. रेल्वे अजून साताऱ्याला आली नव्हती. कऱ्हाडचा माल कुंभार्ली घाट उतरून चिपळूणला आणि तिथून गलबतांनी मुंबईला जाई. मुंबईचा पैसा मोठ्या पेढ्यांकडून गावच्या सावकारापर्यंत आणि त्याच्याकडून कुणब्यापर्यंत उचल म्हणून उतरू लागला. मागेल त्याला कर्ज, असे ते दिवस.

१९ जानेवारी १८६३ रोजी लिंकनने मँचेस्टरच्या कामगारांना पत्र लिहिले. कापसाअभावी उपासमार सोसूनही त्यांनी गुलामगिरीविरुद्धच्या पक्षाची पाठराखण केली, याबद्दल त्यात मनापासून कृतज्ञता आहे. हेही पत्र अस्सल. त्याच कापूसटंचाईच्या दुसऱ्या टोकाला असलेला दख्खनचा शेतकरी मात्र त्याच्या नजरेच्या टप्प्यात नव्हता. असण्याचे कारणही नव्हते, पण ही गोष्ट माझ्या मनातून जात नाही.

९ एप्रिल १८६५ रोजी जनरल ली शरण आला. १४ तारखेला लिंकनवर गोळी झाडली गेली. भाव कोसळले, मुंबईतल्या पेढ्या बुडाल्या आणि उचल आटली. त्यातच नव्या जमाबंदीने अनेक तालुक्यांत सारा वाढला. १८५९ च्या मुदतीच्या कायद्याने कर्जरोखा तीन वर्षेच ग्राह्य धरला होता. हेतू कुळाच्या रक्षणाचा; व्यवहारात सावकार दर तीन वर्षांनी व्याज मुदलात मिळवून नवा रोखा लिहून घेऊ लागले. १२ मे १८७५ रोजी पुणे जिल्ह्यातील सुप्याला शेतकऱ्यांनी सावकारांच्या वह्या जाळल्या. हे लोण पुणे-नगरपुरतेच राहिले, असे आपण शिकतो. पण त्याच वर्षी सप्टेंबरात तेव्हाच्या सातारा जिल्ह्यातील कोकरूड गावीही तसाच प्रकार घडला. ते कोकरूड आज सांगली जिल्ह्याच्या शिराळा तालुक्यात आहे. १८७९ चा दख्खन शेतकरी साहाय्य कायदा ज्या चार जिल्ह्यांना लागू झाला, त्यांत साताराही होता. कापसाची तेजी-मंदी हेच या उद्रेकाचे मूळ होते का, यावर इतिहासकारांत मतभेद आहेत. मला ती अनेक कारणांतली एक वाटते. साऱ्याचा आणि रोख्यांचा वाटा कमी लेखू नये.

याच काळात उलट दिशेनेही एक धागा गेला. खटाव तालुक्यातील कटगुण हे जोतीराव फुले यांच्या घराण्याचे मूळ गाव. १८७३ साली त्यांनी ‘गुलामगिरी’ प्रसिद्ध केले आणि ते अमेरिकेतील सज्जन लोकांना अर्पण केले, निग्रोंच्या दास्यमुक्तीसाठी त्यांनी केलेल्या त्यागाबद्दल. आपल्या देशबांधवांनी तो कित्ता गिरवून शूद्रांना ब्राह्मणी दास्यातून सोडवावे, अशी आशाही तिथे व्यक्त केली. नीट पाहा: अर्पण लोकांना आहे, लिंकनला नाही. लिंकनच्या मृत्यूला तेव्हा आठ वर्षे झाली होती आणि त्याचे नाव जगभर दुमदुमत होते, तरीही.

ही निवड जोतीरावांनी का केली, हे ठामपणे सांगता येत नाही, पण ती मला अर्थपूर्ण वाटते. कारण युद्धाच्या आरंभी लिंकनचा जाहीर हेतू संघराज्य टिकवणे हा होता. १८५८ च्या वादसभांत त्याने काळ्या-गोऱ्यांच्या सामाजिक समतेला आपला पाठिंबा नसल्याचे सांगितले होते. १ जानेवारी १८६३ चा मुक्तीचा जाहीरनामाही बंडखोर प्रदेशांपुरताच होता. संपूर्ण देशातली गुलामगिरी तेराव्या घटनादुरुस्तीने, डिसेंबर १८६५ मध्ये संपली. तोवर गुलामगिरीविरुद्ध दशकानुदशके झगडणारे, पळून आलेल्या गुलामांना आसरा देणारे, रणांगणावर पडलेले असंख्य लोक होते, आणि त्यांत स्वतः काळे सैनिकही होते. लिंकन बदलत गेला, आणि त्याला बदलायला लावणारे हे लोक होते.

शेवटी एक विनंती. तुमच्या शाळेत ते पत्र अजून असेल तर त्याचा फोटो खाली टाका, गावाचे नाव आणि ते साधारण कोणत्या वर्षी रंगवले गेले हे लिहून. ते आपल्याकडे कधी व कसे पसरले याचा नकाशा करायचा विचार आहे. पुढचा थ्रेड कोकरूडवर.