डोळ्यांच्या धाकाची दंतकथा

खुल्या तुरुंगाचा विषय निघाला की आमच्या बदलापूरच्या शिरगावात दोन मतं ठरलेली. एक, खुन्यांना असं मोकळं सोडणं म्हणजे सरकारी लाड. त्यात ऑगस्ट २०२४ मध्ये शाळेतल्या चिमुरड्यांवरच्या अत्याचाराचं प्रकरण उघडकीला आल्यापासून बदलापुरात तर कैद्याच्या बाजूनं शब्द काढायची सोय नाही. दुसरं मत ‘दो आँखें बारह हाथ’ पाहिलेल्यांचं: जेलर देवमाणूस असला की दगडालाही पाझर फुटतो. दोघे तावातावानं भांडतात, पण धरून चालतात एकच, की खुला तुरुंग दयेवर चालतो. मला तेच नामंजूर आहे.

व्ही. शांतारामांच्या १९५७ च्या त्या चित्रपटाची कथा गदिमांची. तिच्यामागे आहे आटपाडीजवळचं स्वतंत्रपूर, कैद्यांची खुली वसाहत. औंध संस्थानात, बाळासाहेब पंतप्रतिनिधींच्या काळात, मॉरिस फ्रीडमन या पोलिश इंजिनिअरच्या कल्पनेतून १९३९ साली वसलेलं. पडद्यावर सहा कैद्यांना मागे ओढतात ते जेलरचे डोळे. स्वतंत्रपुरात कैद्याला बांधून ठेवतो त्याचा संसार. बायको चुलीपाशी, पोरं शाळेत, रानात उभं पीक. आणि माणदेशात पीक उभं करणं हीच अर्धी सक्तमजुरी. पळालं तर हे सगळं गेलं, सापडलं की पुन्हा बंद बराक. एवढा हिशेब कुणालाही कळतो.

देवमाणसावरच सगळं अवलंबून असतं, तर १९४८ मध्ये औंध विलीन झालं तेव्हाच वसाहत मोडायला हवी होती. राजे १९५१ मध्ये गेले. वसाहत टिकली.

आता लाडांचं. कल्याणच्या आधारवाडी तुरुंगातल्या कच्च्या कैद्याला स्वतंत्रपुरात थारा नाही. शिक्षा लागलेल्यानंही आधी बंद तुरुंगात काळ काढायचा, वर्तन चांगलं ठेवायचं, मग निवड. बदलापूरकरांचा राग खरा होता, पण त्याचा या वसाहतीशी संबंध नाही. राजस्थानात सांगानेरला १९६३ पासून कैदी बाहेर कामाला जातो, आपल्या कमाईवर बायकापोरं पोसतो आणि हजेरीला परततो. बंद तुरुंगात जेवणखाण, अंथरूण सगळं सरकारी. लाड नेमके कुणाचे?

तक्रारच करायची तर वेगळी करावी. स्वतंत्रपूर १९३९ चं. राज्यात बायकांसाठी खुला तुरुंग, तोही येरवड्याला, उघडायला २०१० उजाडलं.