लंडी खाना नावाचं स्टेशन

मागच्या एपिसोडनंतर बऱ्याच जणांचे मेसेज आले की १९७१ वर अजून काहीतरी करा, पण रणगाडे आणि नकाशे जरा कमी. मान्य! आज एकही रणगाडा नाही. नकाशा मात्र एक आहे, आणि तो चुकीचा आहे. त्या नकाशामुळेच आजची गोष्ट घडली, किंवा खरं सांगायचं तर बिघडली. आणि हो, शेवटी मला एका बॅडमिंटनपटूबद्दल बोलायचंय, तेव्हा मधेच बंद करू नका.

गोष्ट आहे फ्लाइट लेफ्टनंट दिलीप पारुळकर यांची. ऑगस्ट २०२५ मधे ते गेले तेव्हा अनेकांनी हे नाव पहिल्यांदा ऐकलं. मीही त्यातलाच. पुण्यात राहणारा हा माणूस, आपण कधी त्याच रस्त्यावरून गेलो असू, आणि आपल्याला पत्ता नाही!

तर हा गडी आधीपासूनच जरा वेगळा. १९६५ च्या युद्धात ते हंटर विमान उडवत होते. खालून झालेल्या गोळीबारात विमानाला मार बसला आणि पारुळकर जखमी झाले. अशा वेळी पॅराशूटने उडी मारायची मुभा असते. त्यांनी तसल्या हाताने विमान परत तळावर आणून उतरवलं. वायुसेना मेडल मिळालं. मग १९७१ येईपर्यंत ते सुखोई-७ वर होते. हे आजचं सुखोई नाही बरं का, त्याचं खापरपणजोबा म्हणा. एक इंजिन, एक वैमानिक, काम मुख्यतः खाली जमिनीवर हल्ला करायचं. म्हणजे खालून उडायचं, म्हणजे विमानविरोधी तोफांच्या तोंडासमोरून जायचं. त्या युद्धात आपली सुखोई विमानं बरीच पडली त्याचं एक कारण हेच.

पारुळकरांनी युद्धाआधीच आपल्या वरिष्ठांना बोलून दाखवलं होतं म्हणे, की मी कधी पकडला गेलो तर तुरुंगातून पळून यायची माझी इच्छा आहे. आता हे वाक्य आपण मित्रांमधे चहा पिताना म्हणतो तसलं आहे. कोण लक्षात ठेवतं? पण १० डिसेंबर १९७१ ला त्यांचं विमान पाकिस्तानच्या हद्दीत पडलं, ते पकडले गेले, आणि ते वाक्य एकदम खरं करून दाखवायची वेळ आली.

रावळपिंडीला हवाई दलाच्या कैद्यांसाठी एक छोटा कॅम्प होता. सुरुवातीचे दिवस एकेकट्या कोठडीत, चौकशा. नंतर एकमेकांना भेटू द्यायला लागले, तेव्हा कळलं की आपले डझनभर वैमानिक इथे आहेत. विंग कमांडर कोएल्हो सगळ्यांत सीनियर. स्क्वाड्रन लीडर जफा यांची पाठ प्लास्टरमधे. फ्लाइट लेफ्टनंट भार्गव यांची कथा तर स्वतंत्र एपिसोडची आहे: मारुत विमानातून सिंधच्या वाळवंटात उतरले, गावकऱ्यांना आपण पाकिस्तानी वैमानिक आहोत असं पटवलं, आणि ते नाटक चांगलं चालूही होतं. मग कोणीतरी म्हणालं, जरा कलमा म्हणून दाखवा. खेळ खलास.

आणि या कॅम्पचा प्रमुख होता स्क्वाड्रन लीडर उस्मान हमीद. हे नाव डोक्यात ठेवा. सभ्य माणूस. १९७१ च्या नाताळला त्याने कैद्यांसाठी केकची सोय केली होती. युद्ध संपून दहा दिवस झालेत, याचा देश अर्धा तुटलाय, आणि हा समोरच्या वैमानिकांना केक देतोय.

बरं, युद्ध संपलं होतं तर पळायचं कशाला, असा प्रश्न तुम्हाला पडला असेल. मलाही पडला. जुलै १९७२ मधे सिमला करार झाला. पण भारताकडे पाकिस्तानचे सुमारे ९३ हजार लोक कैदेत होते, त्यात बांगलादेशचा प्रश्न अडकलेला, त्यामुळे कोणाची सुटका कधी होणार हे कोणालाच ठाऊक नव्हतं. कॅम्पमधल्या माणसासाठी ‘लवकरच’ या शब्दाला काही अर्थ उरत नाही. शिवाय पारुळकर हे पारुळकर होते.

त्यांच्याबरोबर तयार झाले फ्लाइट लेफ्टनंट ग्रेवाल आणि हरीश सिंहजी. रस्ता कोणता? भारत पूर्वेला, नकाशावर जवळ. पण त्या बाजूला दोन्हीकडचं सैन्य समोरासमोर उभं, सुरुंग पेरलेले. म्हणून त्यांनी उलटी दिशा धरली: पश्चिमेला, पेशावर, खैबर खिंड, आणि तिथून अफगाणिस्तान. ऐकायला वेडगळ वाटतं, पण विचार पक्का होता. पळालेला हिंदुस्थानी वैमानिक पश्चिमेकडे जाईल असं कोणाच्या डोक्यात येणार?

आता जे काम सुरू झालं त्यात सिनेमासारखं काही नाही. कोठडीच्या मागच्या भिंतीत भोक पाडायचं. हाताशी काय? कात्री, स्क्रू-ड्रायव्हर, असलं किरकोळ सामान. एकाने खरवडायचं, बाकीच्यांनी पहारा बघायचा. निघालेला चुरा रेडक्रॉसच्या पार्सलच्या खोक्यांत भरून खाटांखाली ठेवायचा. रेडक्रॉसने खोकी पाठवली जेवणासाठी, आणि त्यात भरली भिंत! जिनिव्हा कराराप्रमाणे युद्धकैदी अधिकाऱ्यांना दर महिन्याला थोडा भत्ता मिळतो, त्यातले पैसे बाजूला टाकायचे. पठाणी कपडे मिळवायचे. फाउंटन पेनमधे होकायंत्र बनवायचं. आणि एका अ‍ॅटलासवरून रस्त्याचा नकाशा काढून घ्यायचा.

या अ‍ॅटलासमधे खैबरच्या बाजूला लंडी कोतल नावाचं गाव होतं, आणि त्याच्या पुढे, सरहद्दीला लागून, लंडी खाना नावाचं स्टेशन. म्हणजे लंडी कोतलपर्यंत पोचायचं, तिथून लंडी खाना, आणि समोर अफगाणिस्तान. सरळ हिशोब.

भिंत आतून पोखरत आली, पण बाहेरचा शेवटचा थर चिवट सिमेंटचा निघाला. तो फोडायचा तर आवाज होणार. शेवटी १२ ऑगस्ट १९७२, शनिवारची रात्र. वादळ आलं, पाऊस आला, आणि त्या गडगडाटात त्यांनी तो थर फोडला. मध्यरात्रीनंतर तिघं बाहेर. खाटांवर उशा-कपडे भरून माणसं झोपल्यासारखी करून ठेवलेली. जवळच पहारेकरी होता, पण पावसामुळे डोक्यावरून पांघरूण घेऊन बसलेला. मला या प्रसंगात सगळ्यांत आवडतो तो हा पहारेकरी. पाऊस लागला की आपणही तेच करू.

बाहेर रस्त्यावर आले तर सिनेमाचा रात्रीचा शो सुटलेला. गर्दीत मिसळले. स्टँडवर कंडक्टर पेशावर पेशावर म्हणून ओरडत होता. बसले. इतकं सोपं! काही महिने भिंत खरवडायला लागले आणि देश ओलांडायला बसचं तिकीट.

कोणी विचारलं तर सांगायची कथा तयार होती: आम्ही पाकिस्तानी हवाई दलातले, लाहोरच्या तळावरचे, सुट्टीवर फिरायला निघालोय. पारुळकर झाले होते फिलिप पीटर. ख्रिस्ती नाव का घेतलं असेल? मला वाटतं भार्गवांचा कलम्याचा किस्सा कॅम्पमधे सगळ्यांना पाठ असणार.

पहाटे पेशावर. तिथून टांगा, मग बसच्या टपावर बसून खैबर खिंड. आणि १३ ऑगस्टच्या सकाळी, पोटात फारसं काही नसताना, तिघं लंडी कोतलच्या बाजारात उभे. सरहद्द चार मैलांवर. चार मैल म्हणजे पुण्यात स्वारगेटवरून विद्यापीठापर्यंतही नाही!

आजूबाजूला बघितलं तर प्रत्येकाच्या डोक्यावर टोपी. हे तिघं बोडके. म्हणून दुकानात जाऊन पेशावरी टोप्या घेतल्या. एकाची टोपी बसेना, ती बदलून घ्यायला परत गेले. चहा घेतला. आणि चहावाल्याला विचारलं, लंडी खान्याला कसं जायचं?

मंडळी, लंडी खाना हे स्टेशन खरंच होतं. इंग्रजांनी १९२६ मधे लंडी कोतलच्या पुढे सरहद्दीपर्यंत रेल्वे नेली होती, तिचं ते शेवटचं स्टेशन. पण १९३२ मधे तो शेवटचा तुकडा बंद झाला. म्हणजे आपले वैमानिक चौकशी करत होते अशा स्टेशनची, जे चाळीस वर्षांपूर्वी बंद पडलं होतं. पुस्तकात नाव राहिलं, गावातून गेलं. सरहद्दीवरच्या चौकीचं नाव तोरखम. त्यांनी तोरखम विचारलं असतं तर कदाचित कोणी मान वर करून बघितलंही नसतं.

तहसील कचेरीच्या एका कारकुनाला शंका आली. लंडी खाना? तिथे कोण जातं? आणि त्या काळात आणखी एक गोष्ट चालू होती. पश्चिम पाकिस्तानात अडकलेले बंगाली लोक याच वाटेने अफगाणिस्तानात पळत होते, तिथून पुढे बांगलादेशला. त्यामुळे स्थानिक लोक अनोळखी चेहऱ्यांवर डोळा ठेवूनच होते. या तिघांना बंगाली समजून अडवलं आणि तहसीलदारासमोर उभं केलं.

आता इथे खरी पंचाईत. पाकिस्तानी एअरमन म्हणून सांगितलेली कथा टिकेना. आणि आपण हिंदुस्थानी वैमानिक आहोत, पळून आलोय, हे या टोळ्यांच्या मुलखात बोललं तर काय होईल याचा भरवसा नाही. इथे कोणी गोळी घालून पुरून टाकलं तर रावळपिंडीला कळणारही नव्हतं. भिंत फोडायला जे लागलं त्यापेक्षा जास्त डोकं पारुळकरांना या खोलीत लागलं असेल. त्यांनी काय करावं? ते म्हणाले, एक फोन करू द्या. कोणाला? हवाई दलप्रमुखांच्या एडीसीला.

ते एडीसी कोण होते, ओळखलंत? उस्मान हमीद! मधल्या काळात त्यांची बदली होऊन ते पाकिस्तानी हवाई दलाच्या प्रमुखांचे एडीसी झाले होते, आणि मुख्यालय तेव्हा पेशावरलाच होतं. फोन लागला. एका क्षणात उस्मानच्या लक्षात आलं असणार की आपल्या जुन्या कॅम्पमधून तिघं पळालेत आणि खैबरमधे अडकलेत. त्यांनी तहसीलदाराला सांगितलं की ही आमची माणसं आहेत, त्यांना नीट ठेवा, हात लावू नका.

‘आमची माणसं.’ विचार करा. खोटं म्हणावं तर खोटं नाही, हवाई दलाच्याच ताब्यातले होते. पण त्या शब्दांनी तिघांचे जीव वाचले. मी हा प्रसंग तीन-चार वेळा वाचला, आणि दर वेळी वाटतं की उस्मानच्या जागी आपण असतो तर फोनवर पहिलं वाक्य काय निघालं असतं?

रावळपिंडीच्या कॅम्पमधे तोवर खाटांवरच्या उशा शांत झोपलेल्या. त्यानंतर तिथे काय धावपळ झाली असेल ती झालीच. तिघांना परत आणलं, एकांतवासाची शिक्षा झाली. जिनिव्हा कराराप्रमाणे पळून जाण्याचा प्रयत्न हा युद्धकैद्याचा गुन्हा मानून मोठी शिक्षा देता येत नाही, फार तर तीस दिवसांची शिस्तभंगाची. नंतर सगळ्यांना लायलपूरच्या कॅम्पात हलवलं, म्हणजे आजचं फैसलाबाद. तिथे नोव्हेंबरच्या शेवटी भुट्टो स्वतः आले आणि सुटकेची घोषणा केली. १ डिसेंबर १९७२ ला हे सगळे वाघा ओलांडून घरी आले. पारुळकर पुढे ग्रुप कॅप्टन झाले, विशिष्ट सेवा मेडल मिळालं.

आता ती बॅडमिंटनपटू.

तिचं नाव दमयंती तांबे. राष्ट्रीय विजेती, १९७० ची अर्जुन पुरस्कार विजेती. तिचा नवरा फ्लाइट लेफ्टनंट विजय वसंत तांबे, हाही सुखोई-७ चा वैमानिक. लग्नाला जेमतेम दीड वर्ष झालेलं. डिसेंबर १९७१ च्या पहिल्याच आठवड्यात शोरकोटच्या हवाई तळावरच्या हल्ल्यात त्याचं विमान पडलं. त्याच दिवसांत ढाक्याच्या पाकिस्तान ऑब्झर्व्हर या वृत्तपत्रात बातमी आली की पाच हिंदुस्थानी वैमानिक जिवंत पकडले. त्यात एक नाव होतं टॉम्बे. त्या नावाचा वैमानिक आपल्याकडे नव्हता. तांबे मात्र होता.

रावळपिंडीच्या कॅम्पमधे जे डझनभर होते, त्यात विजय तांबे नव्हता. वाघ्याहून जे परत आले, त्यातही नव्हता. पाकिस्तानचं म्हणणं कायम हेच, की आमच्याकडे एकही युद्धकैदी नाही. इकडे बेपत्ता सैनिकांची चोपन्न नावांची यादी वर्षानुवर्षं फिरत राहिली.

पारुळकरांची गोष्ट आपल्याला आवडते कारण तिला भिंत आहे, पाऊस आहे, फोन आहे आणि शेवट आहे. त्यांच्या घरच्यांना निदान ते जिवंत आहेत हे कळलं होतं. रेडक्रॉसच्या यादीत नाव होतं, पत्रं जात-येत होती. दमयंतीबाईंकडे काय होतं? वर्तमानपत्रातलं चुकीच्या स्पेलिंगचं एक नाव. त्यांनी पुढे दिल्लीत जेएनयूच्या क्रीडा विभागात नोकरी केली, पुन्हा लग्न केलं नाही. मंत्री झाले, पंतप्रधान बदलले, अर्ज चालूच. २००७ मधे पाकिस्तानने बेपत्ता सैनिकांच्या चौदा नातेवाइकांना तिथले तुरुंग बघू दिले, त्यांतही त्या होत्या. छत्तीस वर्षांनी! तुरुंगामागून तुरुंग पाहिले, रजिस्टरं चाळली. विजय तांबे सापडला नाही.

ही दुसरी गोष्ट मला नीट सांगता येत नाही, कारण तिच्यात सांगण्यासारखं काही घडतच नाही. कोणी भिंत फोडत नाही, कोणी बस पकडत नाही. एक बाई दर काही महिन्यांनी एक कागद लिहिते आणि उत्तराची वाट बघते. पण सुखोई-७ चे दोन मराठी वैमानिक, काही दिवसांच्या अंतराने पडलेले, आणि एकाच्या घरी फोटोत नातवंडं तर दुसऱ्याच्या घरी फोटोत तो अजून पंचविशी-तिशीतलाच. पारुळकरांवर सिनेमा निघाला, तो जरूर बघा. मग दमयंती तांबे हे नावही एकदा सर्च करा. त्यांच्या मुलाखती सापडतील. मी ऐकल्या तेव्हा मधे दोनदा बंद कराव्या लागल्या.

पुढच्या वेळी भार्गवांचा वाळवंटातला पूर्ण किस्सा करू. भेटू.