जिच्या नावातच बोरिवली आहे अशी सफेद मुसळी: ओळखायची कशी, कुंडीत लावायची कशी?

जून संपता संपता बोरिवली, मुलुंड किंवा ठाणे स्टेशनबाहेर रानभाज्या घेऊन बसलेल्या मावशींकडे गवतासारख्या हिरव्या पातीच्या जुड्या दिसायला लागतात. बूड पांढरं, पात लांब आणि मऊ. नाव विचारलं तर कुणी फोडशी म्हणतं, कुणी कुलू, तर कुणी कोळीची भाजी. त्याच वेळी आपल्या मोबाईलवर ‘ताकदीसाठी सफेद मुसळी’ अशी पावडरच्या डब्याची जाहिरात फिरत असते.

ती जुडी आणि तो डबा, दोन्ही एकाच घराण्यातले आहेत. आणि या घराण्यातल्या सगळ्यात प्रसिद्ध वनस्पतीच्या शास्त्रीय नावात चक्क बोरिवली आहे: क्लोरोफायटम बोरिविलियानम.

हे नाव आलं कुठून?

फादर हर्मेनेगिल्ड सांतापाव हे मूळचे स्पेनचे जेझुइट धर्मगुरू. मुंबईच्या सेंट झेवियर्स कॉलेजात ते वनस्पतीशास्त्र शिकवायचे. पुढे ते भारतीय वनस्पती सर्वेक्षण या सरकारी संस्थेचे प्रमुख झाले आणि त्यांना पद्मश्रीही मिळाली. त्यांनी आणि आर. आर. फर्नांडिस यांनी १९५० च्या दशकात बॉम्बे नॅचरल हिस्ट्री सोसायटीच्या जर्नलमध्ये या वनस्पतीचं वर्णन नवी जात म्हणून छापलं आणि नाव दिलं बोरिवलीचं.

वनस्पतींच्या नावांचा नियम असा आहे की एकदा नाव रीतसर प्रसिद्ध झालं की गावाचं काहीही होवो, नाव सहसा बदलत नाही. बॉम्बेचं मुंबई झालं. इथल्या जंगलाला आधी कृष्णगिरी, मग बोरिवली आणि नंतर संजय गांधी राष्ट्रीय उद्यान असं नाव मिळालं. मुसळी मात्र जगभरातल्या वनस्पतीशास्त्राच्या पुस्तकांत बोरिवलीचीच राहिली. तरीही आपल्यातल्या बहुतेकांना ती डब्यावरूनच माहीत असते.

वर्षातून काही महिनेच दिसणारं झाड

मुसळी शोधायची तर महिना आधी नीट निवडावा लागतो. एप्रिलमध्ये कान्हेरीच्या रस्त्याने चालत गेलात तर तिचं पानसुद्धा दिसणार नाही, कारण ती जमिनीखाली झोपलेली असते. पहिले दोन-चार मोठे पाऊस झाले की कोंब वर येतो, जुलै-ऑगस्टमध्ये फुलं लागतात आणि सप्टेंबर-ऑक्टोबरपर्यंत पानं पिवळी पडून वाळून जातात. बाकीचं वर्ष मुळांत साठवलेल्या अन्नावर निघतं.

अमेरिका-युरोपातल्या जंगलांत टूथवर्ट नावाची फुलझाडं हेच करतात, फक्त त्यांचा मोसम वसंत असतो. वरच्या झाडांना पालवी फुटून सावली दाट होण्याआधी ती फुलून घेतात आणि उन्हाळ्यात गायब होतात. आपल्याकडे हे वेळापत्रक पाऊस ठरवतो.

ओळखायची कशी?

आधी पानं बघा. मुसळीला जमिनीवर उभं खोड नसतं. सगळी पानं एकाच जागेवरून, थेट मातीतून निघतात आणि बुडाशी एकमेकांना लपेटून असतात. ती लांब, अरुंद, टोकदार असतात आणि बऱ्याचदा बाहेरच्या बाजूला जमिनीकडे वाकलेली. तुमच्या गॅलरीत स्पायडर प्लांट असेल तर त्याची बिनपट्ट्यांची हिरवी आवृत्ती डोळ्यांसमोर आणा. तो याच कुळातला, खरं तर याच प्रजातीतला भाऊ आहे.

मग फूल. पानांच्या मधून एक सरळ दांडा वर येतो आणि त्यावर पांढरी, सहा पाकळ्यांची चांदणीसारखी फुलं खालून वर उमलत जातात. मध्ये पिवळे पुंकेसर. एक फूल जेमतेम दिवसभर टिकतं, म्हणून सकाळी गेलेलं बरं. नंतर तीन कडांचं छोटं बोंड धरतं आणि त्यात कांद्याच्या बियांसारख्या काळ्या बिया असतात.

इथपर्यंत सोपं आहे. अडचण पुढे आहे, कारण अशी पानं आणि अशी फुलं असलेल्या मुसळीच्या अनेक बहिणी सह्याद्रीत आहेत. सगळ्यात जवळची क्लोरोफायटम ट्युबरोसम. या दोघींमधला सगळ्यात खात्रीचा फरक जमिनीखाली आहे. बोरिवलीच्या मुसळीची जाड, बोटांसारखी मुळं बुडाच्या चकतीला थेट चिकटलेली असतात, हाताच्या पंजासारखी. ट्युबरोसममध्ये आधी दोऱ्यासारखी बारीक मुळं निघतात आणि त्यांच्या टोकाला कंद लोंबतात.

म्हणजे शंभर टक्के खात्री करायची तर झाड उपटावं लागणार. आणि मुसळीवर मुळात हीच वेळ आली आहे. औषधाच्या बाजारासाठी वर्षानुवर्षं जंगलातून खणल्यामुळे ती अनेक भागांत दुर्मिळ झाली. त्यामुळे पार्कात फिरताना ‘ही मुसळीच्या घराण्यातली’ इतकी ओळख पुरे माना. पानांचा, फुलाचा आणि बुडाचा असे तीन फोटो काढा आणि पुढे चला. राष्ट्रीय उद्यानातून रोप किंवा कंद काढणं हा वन्यजीव संरक्षण कायदा, १९७२ नुसार गुन्हा आहे. ‘एकच तर घेतलं’ ही सबब तिथे चालत नाही. (सोमवारी पार्क बंद असतं, उगाच फेरी मारू नका.)

नावांचा घोळ, आणि तो महाग पडू शकतो

‘कोळीची भाजी’ म्हणजे मुसळीच्या घराण्यातली पात. ‘कोळकांदा’ म्हणजे वेगळाच, विषारी रानकांदा. नावं इतकी जवळची आहेत की व्हॉट्सअ‍ॅपवर एकाचा फोटो दुसऱ्याच्या नावाने सहज फिरतो. कोळकांद्याला खाली कांद्यासारखा पापुद्र्यांचा गड्डा असतो आणि त्याची मळकट रंगाची फुलं पावसाआधी, पानं नसतानाच येतात. मुसळीला पापुद्रे नसतात, तिची मुळं बोटांसारखी सुटी असतात.

दुसरी फसगत कळलावीची. तीही पहिल्या पावसात उगवते आणि ती सर्वांगाने विषारी आहे. पण तिची पानं खोडावर लागतात आणि पानाचं टोक वेलीच्या ताणव्यासारखं वळलेलं असतं. काळी मुसळी मात्र औषधीच आहे, फक्त ती वेगळ्या कुळातली. तिची पानं माडाच्या कोवळ्या रोपासारखी घडीची आणि फुलं पिवळी, अगदी मातीलगत.

म्हणून जंगलातून स्वतः तोडून खायचा प्रयोग नको. भाजी खायची आहे ना, मग ती लहानपणापासून ओळखणाऱ्या मावशींकडूनच घ्या. आणि कशी करायची हेही त्यांनाच विचारा. बुडाच्या मधला कडक दांडा काढायचा, पातीच्या बेचक्यात माती अडकते म्हणून दोन-तीन पाण्यांनी धुवायची, बारीक चिरून कांदा आणि भिजवलेल्या मुगाच्या डाळीबरोबर परतायची. फुलं यायच्या आधीची कोवळी पातच चांगली लागते.

डब्यातल्या पावडरचं काय?

डब्यातली पावडर मुळांची असते. मुळं सोलून वाळवली की पांढरीशुभ्र होतात, म्हणून सफेद मुसळी. आयुर्वेदात तिचा वापर जुना आहे. पण इन्स्टाग्रामवरच्या जाहिरातींत ज्या खात्रीने दावे केले जातात, त्या खात्रीला आधार कमी आहे. आधुनिक अभ्यासांपैकी बरेचसे उंदरांवर झालेले आहेत. शिवाय ‘सफेद मुसळी’ या नावाने शतावरीच्या एका भाऊबंदाची मुळंही विकली जातात आणि पावडर झाल्यावर डोळ्यांना फरक कळत नाही. मधुमेहाची किंवा रक्तदाबाची गोळी सुरू असेल तर डॉक्टरांना विचारल्याशिवाय डबा उघडू नका.

कुंडीत लावायची तर

भाजीची जुडी आणून मातीत खोचली तर मुसळी येत नाही. पातीला मूळ नसतं आणि कोंब फुटतो तो बुडाच्या चकतीवरच्या डोळ्यातून. त्यामुळे चकतीचा तुकडा असलेलं मूळच लागतं. बियांपासूनही रोप होतं, पण उगवण फार कमी असते, त्यामुळे शेतकरीही मुळंच लावतात. महाराष्ट्रात अमरावतीतलं अंजनगाव सुर्जी आणि अकोल्यातलं अकोट हे भाग मुसळीच्या शेतीसाठी ओळखले जातात. रोपवाटिकेत विचारताना ‘लागवडीचं बियाणं आहे की जंगलातलं?’ हा प्रश्न जरूर विचारा.

कुंडी साधारण १० ते १२ इंच खोल हवी आणि तळाला भोकं मोकळी हवीत. मुंबईच्या पावसात मुसळी पाण्याअभावी मरत नाही, साचलेल्या पाण्याने कुजून मरते. म्हणून नुसती लाल माती नको. त्यात जाड रेती आणि गांडूळखत मिसळून ती भुसभुशीत करा. जूनमध्ये पाऊस सुरू झाला की चकती वर आणि बोटं खाली अशी ठेवून वर इंचभर माती टाका. एका कुंडीत दोन-तीन मुळं पुरेत, मध्ये सहा इंच अंतर ठेवा. ग्रिलमध्ये सकाळचं ऊन आणि दुपारी सावली मिळाली तर उत्तम. गोगलगायी पानं फस्त करतात, त्या रात्री टॉर्च घेऊन वेचाव्या लागतात. दुसरा उपाय मला तरी सापडलेला नाही.

ऑक्टोबरमध्ये पानं पिवळी पडतील. इथेच बहुतेक जण चुकतात. मीही चुकले. झाड मेलं असं समजून त्याच कुंडीत कोथिंबीर पेरली आणि रोज पाणी घातलं. महिन्याभराने उकरून बघितलं तर मुळांचा चिखल झाला होता.

पानं वाळली की पाणी बंद करा. कुंडी पावसापासून दूर, सावलीत सरकवा आणि तिच्यावर नाव लिहून ठेवा, नाहीतर घरातलं कुणीतरी माती दुसरीकडे वापरून टाकेल. आतली मुळं हिवाळ्यात फिकट रंगावरून तपकिरी होत पक्व होतात. वेगळी काढून ठेवायची असतील तर तेव्हा काढा आणि कोरड्या रेतीत ठेवा.

पुढच्या जूनमध्ये कुंडी परत पावसात आणा आणि दोन आठवडे वाट बघा. तरीही कोंब दिसला नाही तर बोटाने माती जरा बाजूला करा. मूळ टणक लागलं तर पुन्हा झाका, मऊ लागलं तर ते गेलं.