घरी बसवलेल्यांची पेन्शन

हैदराबादी उर्दूत सरकारी पेन्शनला भारदस्त नाव आहे : वजीफा-ए-हुस्न-ए-खिदमत. चांगल्या चाकरीबद्दलचा वजीफा. चाकरी चांगली झाली की नाही हे ठरवणार धनी, त्यामुळे वजीफाही धन्याच्या मर्जीवर. शेजारच्या ब्रिटिश मुलखातही चित्र वेगळं नव्हतं. १८७१च्या पेन्शन कायद्याच्या चौथ्या आणि सहाव्या कलमांनुसार, कलेक्टरच्या दाखल्याशिवाय पेन्शनचा दावा दिवाणी न्यायालयात चालतच नसे. मुदतीआधी घरी बसवलेल्या माणसाने दाद मागायची कुठे?

हैदराबाद संस्थानातल्या औरंगाबादच्या कर्मचाऱ्यांनी आठ वर्षांत दोनदा राज्य बदललेलं पाहिलं. १७ सप्टेंबर १९४८ला निजामाची राजवट संपली. १ नोव्हेंबर १९५६ला मराठवाडा द्विभाषिक मुंबई राज्यात आला. हैदराबादच्या नियमांखाली नोकरीला लागलेल्यांचं काय होणार, या प्रश्नाला राज्य पुनर्रचना कायद्याच्या ११५व्या कलमाने उत्तर दिलं : केंद्राच्या पूर्वसंमतीशिवाय त्यांच्या सेवाशर्ती त्यांचं नुकसान होईल अशा बदलता येणार नाहीत. राज्य बदललं तरी कमावलेलं बुडू नये, ही हमी तेव्हा कायद्यात लिहिली गेली.

पण पेन्शन मुळात कुणाची, हा प्रश्न उरलाच होता.

तो धसास लागला बिहारमधल्या एका खटल्याने. शिक्षण खात्यातले देवकीनंदन प्रसाद पाच वर्षं कामावर नव्हते, असं म्हणून सरकारने १९६६ साली त्यांची नोकरी संपल्याचं जाहीर केलं आणि पुढे पेन्शनही नाकारली. ४ मे १९७१ला सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की पेन्शन ही सरकारची बक्षिसी नव्हे, ती कर्मचाऱ्याची मालमत्ता आहे. १७ डिसेंबर १९८२ला त्याच न्यायालयाने ‘नाकारा’ खटल्यात दिलेल्या निकालाने हेच सूत्र पुढे नेलं : पेन्शन म्हणजे केलेल्या सेवेचा मोबदला. सरन्यायाधीश यशवंतराव चंद्रचूड आणि न्यायमूर्ती तुळजापूरकर हे दोघे मराठी न्यायाधीश त्या पाच जणांच्या पीठावर होते. पेन्शनर मंडळी १७ डिसेंबर आजही आपला दिवस म्हणून पाळतात.

त्याच १९८२ साली महाराष्ट्राचे निवृत्तिवेतन नियम आले. त्यातला दहाव्या नियमाचा चौथा पोटनियम कचेऱ्यांमध्ये ‘पन्नास-पंचावन्न’ म्हणून ओळखला जातो. वयाच्या पन्नाशीला किंवा पंचावन्नाव्या वर्षी कर्मचाऱ्याचं दफ्तर तपासायचं आणि तो कामाचा उरला नाही असं वाटलं, तर तीन महिन्यांची नोटीस किंवा तेवढा पगार देऊन त्याला घरी पाठवायचं. अशी निवृत्ती ही शिक्षा नाही, असं न्यायालयांनी वारंवार म्हटलं आहे. म्हणून आधी बाजू मांडण्याची संधी मिळत नाही. पण म्हणूनच पेन्शनला कात्रीही लावता येत नाही. खरोखर शिक्षा म्हणून सक्तीने निवृत्त केलं, तरी साधारणपणे दोन तृतीयांश पेन्शन द्यावीच लागते. आदेशाविरुद्ध भांडायचं तर मुंबई गाठण्याची गरज उरली नाही. २७ ऑगस्ट १९८१ला उच्च न्यायालयाचं खंडपीठ औरंगाबादेत सुरू झालं, पुढे प्रशासकीय न्यायाधिकरण म्हणजे ‘मॅट’चं पीठही आलं.

हा सगळा लढा कचेरीतल्या माणसाचा. त्याच शहरातल्या कामगाराच्या वाट्याला त्यातलं फार थोडं आलं.

औरंगाबादेत १८८९ साली सूतकताई आणि विणकामाची गिरणी उभी राहिली. तिथे सुमारे ७०० माणसं काम करत. १९७४ साली आजारी गिरण्यांचं राष्ट्रीयीकरण झालं, तेव्हा औरंगाबाद मिल्सचं नावही त्या यादीत होतं. पुढे राष्ट्रीय वस्त्रोद्योग महामंडळाच्या देशभरातल्या हजारो कामगारांपुढे स्वेच्छानिवृत्तीचा, म्हणजे व्हीआरएसचा, कागद आला. नाव स्वेच्छेचं, पण गिरणीच बंद होणार असेल तर इच्छा कसली विचारता? दरम्यान चिकलठाणा आणि वाळूजच्या वसाहतींत कारखान्यांची नवी पिढी उभी राहिली आणि व्हीआरएस हा शब्द तिथेही पोचला.

या कामगाराची पेन्शन १६ नोव्हेंबर १९९५च्या कर्मचारी पेन्शन योजनेतून, म्हणजे ईपीएसमधून येते. दहा वर्षं सेवा हवी आणि पूर्ण पेन्शन वयाच्या ५८व्या वर्षी. आधी हवी असेल तर पन्नाशीनंतर मिळते, पण ५८ला जितकी वर्षं कमी, तितक्या वर्षांसाठी वर्षाला चार टक्के कपात. पन्नाशीतच पेन्शन घ्यावी लागली, तर सुमारे तीस टक्के रक्कम जाते आणि ही कपात जन्मभर राहते. पन्नाशीला घरी पाठवलेल्या सरकारी अधिकाऱ्याला मात्र जेवढी सेवा झाली तेवढ्याची पेन्शन त्याच महिन्यापासून, वयाची कपात न होता मिळते आणि वर महागाई भत्ता. ईपीएसमध्ये महागाई भत्ता नाही.

कचेरीतली सुरक्षितताही आता सर्वांची नाही. १ नोव्हेंबर २००५ला किंवा त्यानंतर सेवेत आलेल्या बहुतेकांना १९८२च्या नियमांची पेन्शन उरली नाही. ‘एकच मिशन, जुनी पेन्शन’ म्हणत १४ ते २० मार्च २०२३ या काळात राज्यभरातले कर्मचारी संपावर गेले, ते त्यासाठीच.

ईपीएसवाल्यांचं आंदोलन मात्र मराठवाड्याच्या सीमेलगत, बुलढाण्यात रुजलं. सप्टेंबर २०१४पासून त्यांची किमान पेन्शन महिन्याला १,००० रुपये आहे. वर्षानुवर्षं धरणं धरून बसलेले हे म्हातारे कामगार ७,५०० रुपये आणि महागाई भत्ता मागत आहेत.