‘माणूस’ आणि जर्मन नगरचित्रपट

अंबरनाथच्या शिवालयांतील शिलालेखावर शके ९८२ (इ. स. १०६०) हा काल आहे. साडेनऊशें वर्षांपूर्वींचा हा लेख उरला. परंतु चित्रपटाची फीत कित्येकदां शंभर वर्षेंहि उरत नाहीं. यास्तव या उपेक्षित साधनाकडे आम्ही वाचकांचें लक्ष वेधूं इच्छितों.

जर्मनींत नोव्हेंबर १९१८ मध्यें सेन्सॉरचीं बंधनें उठलीं आणि लोकशिक्षणाच्या निमित्तानें महानगरांतील वेश्याव्यवसाय व गुप्तरोग यांवरील चित्रपट भराभर निघूं लागले. त्यांपैकीं अनेकांत उपदेश नांवापुरता व उत्तानता फार, असा आक्षेप निघून मे १९२० च्या कायद्यानें बंधनें पुन्हां आलीं. परंतु आघात सरसकट झाला. समलिंगी प्रेमास गुन्हा ठरविणाऱ्या कलमाविरुद्ध रिचर्ड ओस्वाल्ड यांनीं डॉ. माग्नुस हिर्शफेल्ड यांच्या साह्यानें काढलेला ‘इतरांहून निराळे’ (१९१९) हा गंभीर चित्रपटहि सर्वसामान्यांस बंद झाला. आज त्याचे केवळ तुकडे उपलब्ध आहेत.

आतां आपल्याकडील उदाहरण घेऊं. प्रभातच्या ‘माणूस’ (१९३९) मध्यें गणपत शिपाई छाप्याच्या वेळीं मैना या वेश्येस वाचवितो व तिला संसाराची वाट दाखवूं पाहतो. विषय तोच, परंतु येथें प्रेक्षकाचें लक्ष मैनेच्या देहाकडे नव्हे, तर गृहिणीपदाविषयीं तिला वाटणारी ओढ आणि भीति यांकडे वळतें. दिग्दर्शक शांताराम १९३३ सालीं ‘सैरंध्री’च्या रंगीत प्रतींच्या कामीं जर्मनीस गेले होते हें खरें, तथापि तेवढ्यावरून त्यांनीं हे जर्मन चित्रपट पाहिले असें अनुमान काढणें युक्त नव्हे. साम्य विषयाचें आहे, परंपरेचें नव्हे.

तात्पर्य, सवंगपणा विषयांत नसून मांडणींत असतो. आणि मांडणीचा निर्णय मूळ कृति पाहिल्यावांचून होत नाहीं. ती नष्ट झाली कीं जाहिरातदाराचा डांगोरा व आरोपकर्त्याची तक्रार एवढेंच उरतें. पूर्वपक्ष राहतो, उत्तरपक्ष लुप्त होतो. पुण्यांत ८ जानेवारी २००३ रोजीं लागलेल्या आगींत पुष्कळ जुन्या नायट्रेट फिती भस्म झाल्या. त्यांच्याविषयीं असाच एकतर्फी निवाडा होण्याचें भय आहे.

अंबरनाथ, बदलापूर व उल्हासनगर येथील संग्राहकांस आमची विनंती कीं, पोथ्यांचीं दप्तरें शोधतांना चित्रपटांच्या पदांच्या पुस्तिका, हस्तपत्रकें, फितींचे तुकडे आढळल्यास ते रद्दींत जाऊं देऊं नयेत. उद्यांच्या संशोधकास तेवढाच पुरावा उरण्याचा संभव आहे.