‘महल’मधला अंधार

आमच्या वाशीम जिल्ह्यात लाइट जाणं ही काही बातमी नाही. आठवीतला एक मुलगा म्हणाला, "सर, रात्री लाइट गेली तेव्हा अंगणात कुणीतरी उभं होतं." वर्ग हसला. पोरगा रडवेला झाला. तो खोटं बोलत नव्हता. दोरीवर वाळत घातलेला कुर्ता त्याला माणूस वाटला होता. "भूतबित नसतं" म्हणून गप्प करण्याऐवजी मी त्याला ‘महल’ची गोष्ट सांगितली.

बॉम्बे टॉकीजचा हा चित्रपट १९४९ चा. कमाल अमरोहींचं हे पहिलंच दिग्दर्शन. कॅमेऱ्यामागे जोसेफ विर्शिंग, मूळचे जर्मन. ‘अछूत कन्या’ त्यांनीच चित्रित केला होता. दुसऱ्या महायुद्धात इंग्रज सरकारने त्यांना कैदेत ठेवलं होतं. सुटल्यावर ते पुन्हा कॅमेऱ्याकडे वळले.

‘महल’मध्ये रक्त नाही, विद्रूप चेहरा नाही. जुन्या हवेलीत अशोककुमारला एक बाई दिसते. दूर, अपुऱ्या उजेडात, झोपाळ्यावर. जवळ जावं तर नाहीशी. आणि ती आहे मधुबाला! इतक्या सुंदर चेहऱ्याची भीती का वाटावी?

अंधारात डोळ्याच्या मध्यभागातल्या, रंग आणि बारकावे टिपणाऱ्या पेशी जवळजवळ निकामी होतात. कडेच्या पेशी काम करतात, पण त्यांना रंग कळत नाही, आकारही धूसर दिसतो. उरलेलं चित्र मेंदू आठवणीतून भरतो, आणि माणसाचा आकार तर तो कशातही शोधतो.

अकराव्या शतकात कैरोत इब्न अल-हैथम यांनी ‘किताब अल-मनाझिर’ लिहिली. प्रकाश डोळ्यात येतो, पण वस्तू ओळखण्यात बुद्धीचाही निवाडा असतो, असं त्यांनी मांडलं. दृष्टीच्या चुकांवर त्यात एक अख्खा भाग आहे. उजेड, अंतर, पाहायला मिळणारा वेळ यांचं प्रमाण बिघडलं की निवाडा चुकतो. अमरोही-विर्शिंग यांनी नेमकं हेच तिन्ही बिघडवलं. वर माळ्याच्या तोंडून आधीच एका अपुऱ्या प्रेमाची कहाणी ऐकवली, म्हणजे काय दिसणार हे प्रेक्षकाने आधीच ठरवलेलं!

शेवटी ते भूत माळ्याचीच मुलगी निघते. काहींना हा शेवट फसवा वाटतो. मला तो प्रामाणिक वाटतो.

पोराने विचारलं, "म्हणजे सर, मला दिसलं ते खरंच दिसलं होतं?"

"हो बेटा, दिसलं होतं. ओळखायला चुकलास."

मग वर्ग हसला नाही.